ढोलीतले धान्य, चोपडीतले कर्ज : यवतमाळच्या शेतकरी घरातील अबोल्याचा इतिहास

महसुली दप्तर जमिनीचे, पिकाचे आणि वसुलीचे असते. एका छताखाली तीस-चाळीस वर्षे काढणाऱ्या नवराबायकोंमध्ये काय बोलले गेले आणि काय राहून गेले, याच्याशी त्या दप्तराला कर्तव्य नसते. त्यामुळे यवतमाळ जिल्ह्याचा इतिहास कापूस, सागवान, कोळसा आणि कर्ज या अंगांनी बराच लिहिला गेला. पण ज्या घरांनी तो कापूस पिकवला आणि ज्या घरांवर ते कर्ज चढले, त्या घरांतील दोन माणसांमधले अंतर हा इतिहासाचा विषय आहे असे सहसा मानले गेले नाही. ते अंतर स्वभावाचे, नशिबाचे किंवा फार तर संसाराच्या धबडग्याचे समजून सोडून देण्यात आले. प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन निराळे आहे. यवतमाळच्या शेतकरी घरातील अबोल्याला काळ आहे, कारणे आहेत आणि टप्पेही आहेत. जुन्या घरातला अबोला रीतीचा होता व त्याच्या भोवती बोलण्याच्या अनेक जागा होत्या, तर कापसाच्या नगदी व्यवहारातून जो अबोला वाढत गेला तो हिशेबाचा होता, आणि तो वाढत असतानाच त्या जुन्या जागा एकेक करून मोडत गेल्या.

आजचा यवतमाळ जिल्हा म्हणजे जुन्या वऱ्हाडाचा आग्नेय कोपरा होय. १८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड ईस्ट इंडिया कंपनीच्या ताब्यात दिले. १८६४ मध्ये यवतमाळ, दारव्हा, केळापूर आणि वणी हे तालुके मिळून वेगळा जिल्हा झाला, तो पुढे वणी जिल्हा म्हणून ओळखला गेला, आणि १९०५ मध्ये पुसद तालुका जोडला जाऊन त्याला यवतमाळ हे नाव मिळाले. दक्षिणेस पैनगंगा आणि पूर्वेच्या अंगाला वर्धा या नद्यांच्या मधला हा मुलूख कुणबी, माळी, तेली, बौद्ध, बंजारा, आंध, गोंड आणि कोलाम अशा अनेक समाजांचा आहे, आणि या सर्वांच्या घरातील रीत एकसारखी नव्हती. केळापूर, मारेगाव आणि झरी-जामणी या भागांतील कोलामांच्या वस्तीला पोड म्हणतात. पोडाच्या मधोमध चावडी असते आणि तिच्या भोवती कुडाच्या, म्हणजे काठ्या विणून मातीने लिंपलेल्या भिंतींच्या लहान झोपड्या असतात. पुढील विवेचन मुख्यतः जमीन कसणाऱ्या, कापूस विकणाऱ्या कास्तकार घराविषयी आहे, कारण अबोल्याचे रूप पालटत गेले ते सर्वांत ठळकपणे याच घरात.

या घराची रचना पाहिली तरी नवराबायकोंच्या वाट्याला येणाऱ्या एकांताचा अंदाज येतो. धाब्याच्या किंवा कवेलूच्या घरात पुढे ओसरी, तिच्या मागे माजघर, त्याच्या मागे स्वयंपाकघर आणि बाजूला गुरांचा कोठा असे. ओसरी पुरुषांची, माजघर आणि चूल बायकांची, आणि दोहोंच्या मध्ये घरातील वडीलधाऱ्यांची सतत जागी असलेली नजर. नवऱ्याने सासूसासऱ्यांदेखत बायकोशी बोलणे उथळपणाचे मानले जाई, बायकोने नवऱ्याचे नाव घेणे निषिद्ध होते, आणि मूल झाल्यावर दोघेही एकमेकांना त्या मुलाच्या नात्याने हाक मारीत. बाई पुरुषांच्या मागून जेवे. पीक उभे असताना रात्रीची राखण करण्यासाठी, जिला या भागात जागल म्हणतात, पुरुष वावरात माळ्यावर झोपे. उरलेले दिवस तो ओसरीवर आणि ती माजघरात. पहिली काही वर्षे सुनेचे माहेरी जाणे-येणेही मोठे असे. दोन माणसांनी एकमेकांशी सलग, मोकळेपणी आणि दोघांनाच ऐकू जाईल असे बोलावे, यासाठी त्या घरात जागाही नव्हती आणि वेळही नव्हता.

तथापि या रीतीला थेट प्रेमाचा अभाव म्हणणे चुकीचे ठरेल, कारण त्या काळी मनातले बोलण्यासाठी जोडीदाराचीच गरज आहे अशी कल्पनाही नव्हती. सून मनातले बोले ते जावेशी, नणंदेशी, विहिरीवरच्या मैत्रिणीशी, आणि सर्वांत अधिक जात्याशी. पहाटेच्या दळणाबरोबर म्हटल्या जाणाऱ्या ओव्यांतून महाराष्ट्रभर बायकांनी सासर, माहेर, भाऊ, मूल आणि घरधनी यांच्याविषयी जे सांगितले, ते त्यांनी दिवसाउजेडी कोणासमोर उच्चारले नसते. हेमा राईरकर आणि गी पॉइतव्हाँ यांनी पुढे गोळा केलेल्या ओव्यांचा साठा एक लाखाच्या वर गेला, यावरूनच त्या बोलण्याची व्याप्ती ध्यानी येते. विदर्भात याच्या जोडीला भुलाबाई होती. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत चालणाऱ्या या मुलींच्या उत्सवात शंकर आणि पार्वती हे भुलोजी आणि भुलाबाई होऊन येतात, आणि गाण्यांतून सासुरवास, रुसून माहेरी गेलेली सून आणि तिला आणायला येणारी माणसे यांचे चित्र उभे राहते. रुसवा हा या व्यवस्थेतला मान्य मार्ग होता. रुसलेल्या बाईची समजूत काढायला कोणीतरी जायचेच, हे सर्वांना ठाऊक असल्यामुळे तिच्या न बोलण्यालाही उत्तर मिळे. पुरुषाकडे पार होता, भजनी मंडळ होते, बैलबाजार होता. अंतर होते; परंतु त्या अंतरात माणसे भरलेली होती.

जेथे संसार जुळतच नसे तेथे बाहेर पडण्याची वाटही होती. कुणबी, माळी आणि इतर अनेक जातींत विधवेचा किंवा टाकलेल्या बाईचा दुसरा विवाह, म्हणजे पाट, मान्य होता, आणि पंचांसमोर काडी मोडून किंवा सोडचिठ्ठी देऊन फारकत घेता येई. रसेल आणि हिरालाल यांनी १९१६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मध्य प्रांतातील जातीजमातींच्या ग्रंथात कुणब्यांमधील या दोन्ही रीतींची नोंद आहे. प्रतिष्ठित देशमुख घराण्यांनी मात्र पाट बंद केला होता, आणि हातात पैसा आलेली कुटुंबे जसजशी त्यांचे अनुकरण करू लागली तसतशी ही वाट अरुंद होत गेली. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने रूढीने चालत आलेली फारकत कलम २९ मध्ये राखून ठेवली. पण कायद्याने राखलेली वाट प्रतिष्ठेच्या कल्पनेने बुजवली होती. न जुळलेल्या संसारात वेगळे न होता, न भांडता, केवळ न बोलता राहणे हे चांगल्या घराचे लक्षण ठरले, आणि या सभ्यतेची किंमत दोघांनीही, पण अधिक करून बाईने, आयुष्यभर चुकवली.

आता हिशेबाकडे वळले पाहिजे, कारण या इतिहासाचा गाभा तेथे आहे. ज्वारीच्या घरात संपत्ती डोळ्यांना दिसे. धान्य ढोलीत, म्हणजे तुरीच्या काड्यांची किंवा बांबूची विणून शेणामातीने सारवलेल्या उंच कणगीत, किंवा जमिनीतल्या पेवात असे. ढोलीत रोज हात घालणारी बाई होती, आणि पुढच्या पिकापर्यंत धान्य पुरेल की नाही हे घरात सर्वांत आधी तिला कळे. नवऱ्याने न सांगताही घराची स्थिती तिला ठाऊक असे, किंबहुना ती नवऱ्यालाच तिच्याकडून समजे. या एका गोष्टीमुळे रीतीच्या अबोल्याला मोठी मर्यादा पडत होती: बोलत नसलेली दोन माणसे एकाच ढोलीकडे पाहत होती.

कापसाने हे पालटले, आणि ते एकाएकी नव्हे तर तीन-चार पायऱ्यांनी पालटले. १८६१ पासून वऱ्हाडात मुंबई पद्धतीची पाहणी आणि जमाबंदी सुरू झाली. प्रत्येक सर्व्हे नंबरला एक खातेदार लागला, साऱ्याची जबाबदारी त्याच्यावर आली, आणि त्याचबरोबर ते खाते विकण्याचा व गहाण ठेवण्याचा अधिकारही त्याला मिळाला. कुटुंब जमीन कसत होते, नाव एका पुरुषाचे लागले. त्याच वर्षी अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि १८६५ पर्यंत तेथील कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना दुर्मीळ झाल्याने वऱ्हाडच्या कापसाला अपूर्व भाव आला. १८६७ मध्ये रेल्वे नागपूरला पोहोचली. यवतमाळ मुख्य मार्गापासून दूर राहिल्याने येथला कापूस बंड्यांतून धामणगावच्या स्थानकाकडे जाऊ लागला, आणि १९०३ मध्ये किलिक निक्सन कंपनीने बांधलेली, पुढे शकुंतला या नावाने लोकप्रिय झालेली अरुंद रेल्वे यवतमाळला मूर्तिजापूरशी जोडू लागली. यवतमाळ, वणी, पांढरकवडा येथे जिन उभे राहिले, म्हणजे कापसापासून सरकी वेगळी करणारे कारखाने आले.

या सर्व व्यवस्थेत बाईचे श्रम कमी झाले नाहीत, उलट वाढले. निंदण तिचे, म्हणजे पऱ्हाटीतील तण काढणे तिचे, वेचणी तिची, पहिल्या वेच्याच्या वेळी वावरात दहीभाताने होणारी सीतादहीची पूजाही तिचीच. परंतु वेचलेला कापूस बंडीत भरून बाजारात नेणारा पुरुष होता, आणि बाजारातून घरी येताना त्याच्या जवळ जे असे ते ढोलीत घालता येण्यासारखे नव्हते. सावकाराच्या चोपडीत जुने देणे, त्यावरचे व्याज, नवी उचल आणि गहाणखत यांची नोंद असे. ती चोपडी सावकाराच्या पेढीवर असे, आणि तिच्यातला आकडा गावात फार तर दोन माणसांना ठाऊक असे, एक सावकार आणि दुसरा खातेदार. घराची खरी स्थिती अशा रीतीने घराबाहेर गेली. बाईला बियाणे पेरलेले दिसे, पीक उभे राहिलेले दिसे, बंडी भरून गेलेली दिसे. त्यातून काय उरले हे तिला नवऱ्याने सांगितल्याशिवाय कळण्याचा मार्ग राहिला नाही. आणि सांगण्याची रीत तर घरात कधी पडलीच नव्हती. जुन्या अबोल्याने नव्या अबोल्याला तयार घर दिले, असे येथे म्हणता येईल.

पुरुषाच्या बाजूनेही या गोष्टीकडे पाहणे न्यायाचे होईल. ज्याच्या नावावर खाते त्याच्या नावावर देणे, आणि देणे फिटत नाही हे कबूल करणे म्हणजे कर्तेपण हातून गेल्याचे कबूल करणे, अशी समजूत त्याच्या अंगात लहानपणापासून भिनलेली होती. बायकोला चिंतेत का पाडावे, हा विचारही अनेकदा खरोखरीच्या मायेतून येत असे. म्हणून हे मौन केवळ अधिकाराचे नव्हते. त्यात लाज होती, जपणूक होती आणि आपण एकट्यानेच निस्तरू ही आशाही होती. पण कारण कोणतेही असो, परिणाम एकच झाला. ओझ्याखाली असलेला माणूस आणि त्याच्या सर्वांत जवळ असलेले माणूस यांच्यामध्ये त्या ओझ्याचीच भिंत उभी राहिली.

स्वातंत्र्यानंतर सावकाराच्या जागी सेवा सहकारी सोसायटी आणि जिल्हा बँक आली, १९७२ च्या हंगामापासून राज्याची कापूस एकाधिकार खरेदी योजना आली, आणि शेतकऱ्याला भावाची बरीच हमी मिळाली. या योजनेचे ते श्रेय नाकारता येणार नाही. तरीही चुकारा, म्हणजे विकलेल्या कापसाची मिळणारी रक्कम, खातेदाराच्या नावेच निघे आणि सोसायटीचे देणे त्यातून परस्पर वळते होई. चोपडी बदलली, पण तिच्यातले नाव बदलले नाही. याच दशकांत दुसरा, तितकाच खोल बदल घडत होता. वाटण्या होऊन एकत्र कुटुंबे फुटत होती. चार भावांच्या वाड्यातून निघून दोन खोल्यांत राहणारे नवराबायको आता खऱ्या अर्थाने एकटे होते. जाऊ वेगळी झाली, नणंद दूर दिली गेली, पिठाच्या गिरणीने जाते थांबवले आणि त्याबरोबर पहाटेची ओवीही थांबली. गिरणीने बाईच्या खांद्यावरचे मोठे कष्ट उतरवले, त्याविषयी हळहळण्याचे कारण नाही. परंतु मन मोकळे करण्याची जी एक जागा गेली तिच्या बदल्यात दुसरी मिळाली नाही. ज्या घरात आता दोघेच उरले होते, तेथे वर्तणुकीचे नियम मात्र वीस माणसांच्या वाड्याचेच चालू राहिले. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी ग्रामगीतेत ‘महिलोन्नति’ हा स्वतंत्र अध्याय घातला आणि त्यांच्या सामुदायिक प्रार्थनेने विदर्भातील गावांना एकत्र बसण्याची सवय लावली. प्रार्थनेहून परतल्यावर घरात दोघांनी काय बोलावे, ही सवय मात्र कोणत्याही चळवळीला सहज लावता येण्यासारखी नव्हती.

१९ मार्च १९८६ रोजी महागाव तालुक्यातील चिलगव्हाण येथील साहेबराव करपे या शेतकऱ्याने पत्नी मालती आणि चार मुलांसह वर्धा जिल्ह्यात दत्तपूर येथे जीवन संपवले. महाराष्ट्रातील शेतकरी आत्महत्यांच्या दीर्घ मालिकेची सुरुवात या घटनेपासून मानली जाते, आणि किसानपुत्र आंदोलनाच्या पुढाकाराने २०१७ पासून १९ मार्चला अनेकजण अन्नत्याग करतात. त्या स्मरणात नाव घेतले जाते ते साहेबरावांचे. मालतीबाई त्यांच्या मागोमाग, ‘पत्नीसह’ या शब्दात येतात. शेतीच्या आपत्तीचा इतिहास खातेदाराच्या नावाने लिहिण्याची सवय किती खोल आहे, याचे हे दुःखद उदाहरण होय.

१९८६ च्याच नोव्हेंबरात शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने नाशिक जिल्ह्यातील चांदवड येथे महिलांचे विराट अधिवेशन भरवले, आणि त्यानंतरच्या काही वर्षांत संघटनेने ‘लक्ष्मी मुक्ती’ची मोहीम हाती घेतली. शेतकऱ्याने आपल्या जमिनीचा काही भाग स्वखुशीने बायकोच्या नावे करावा, ही तिची मागणी होती. सरकारकडे ऋणमुक्ती मागणाऱ्याने घरच्या लक्ष्मीचे देणे आधी फेडावे, हा तिचा आधार होता. जळगाव जिल्ह्यातील विटनेर गावाने यात पुढाकार घेतला. १९९२ मध्ये राज्य शासनानेही परिपत्रक काढून पतीच्या हयातीत पत्नीचे नाव सहहिस्सेदार म्हणून सातबाऱ्यावर, म्हणजे जमिनीचा धारक व पीक दाखवणाऱ्या गावनमुना सात आणि बारा या उताऱ्यावर, लावण्याची सोय केली. मराठी प्रदेशातील आधुनिक काळात नवराबायकोंमधील अंतरावर इतका नेमका उपाय क्वचितच सुचवला गेला असेल. तो मालमत्तेचा उपाय होता आणि म्हणूनच तो बोलण्याचाही उपाय होता, कारण उताऱ्यावर जिचे नाव आहे तिच्या सहीशिवाय गहाण पडत नाही, आणि सही मागायची तर कारण सांगावे लागते. विदर्भ हा संघटनेचा बालेकिल्ला असूनही ही सोय येथे सार्वत्रिक रीत बनली नाही, हे त्या चळवळीचे सर्वांत मोठे अपुरेपण मानावे लागेल.

मार्च २००२ मध्ये जनुकीय बदल केलेल्या बीटी कापसाला देशात परवानगी मिळाली. सुरुवातीच्या वर्षांत ४५० ग्रॅमच्या पाकिटाला सुमारे १,६०० रुपये मोजावे लागत. घरची सरकी राखून पेरण्याची पद्धत संपली, बियाण्यापासून फवारणीपर्यंत सर्व काही कृषी केंद्रातून, पुष्कळदा उधारीवर येऊ लागले, आणि कोरडवाहू जमिनीत पाऊस चुकला की ती उधारी अंगावर राहू लागली. बँक, सोसायटी, कृषी केंद्र, नातेवाईक, परवाना नसलेला सावकार अशा चार-पाच ठिकाणी देणे विभागले गेले, त्यामुळे पूर्वी एका चोपडीत असणारा आकडा आता एकट्या खातेदाराच्या डोक्यातच पूर्ण जुळत होता. इंदिरा गांधी विकास संशोधन संस्थेतील सृजित मिश्रा यांनी २००६ मध्ये वर्धा, वाशीम आणि यवतमाळ या जिल्ह्यांतील १११ आत्महत्यांचा जो अभ्यास प्रसिद्ध केला, त्यात कर्जबाजारीपणा सुमारे ८७ टक्के घटनांत, आर्थिक स्थितीची घसरण सुमारे ७४ टक्के घटनांत, तर पीक बुडणे सुमारे ४१ टक्के घटनांत आढळले. आणि घरातील माणसांशी बेबनाव हा घटक निम्म्याहून अधिक घटनांत दिसून आला. हे घटक एकेकटे येत नाहीत, एकमेकांत गुंतून येतात, हा त्या अभ्यासाचा महत्त्वाचा मुद्दा होता. फ्रेंच समाजशास्त्रज्ञ एमील द्यूर्केम यांनी १८९७ च्या आपल्या ग्रंथात कुटुंबाचे बंध माणसाला आत्महत्येपासून राखतात असे मांडले होते. भारतात मात्र राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या आकडेवारीत आत्महत्या करणाऱ्यांपैकी सुमारे दोनतृतीयांश माणसे विवाहित असतात. भारतीय समाजात विवाहितांचे प्रमाणच मोठे आहे हे लक्षात घेतले तरी, एका घरात राहणे आणि एकमेकांशी बांधलेले असणे या दोन गोष्टी एकच मानून चालता येत नाही, एवढे यवतमाळच्या अनुभवावरून निश्चित म्हणता येते.

शासनाच्या मदतीच्या पद्धतीने हे अंतर आणखी क्रूर रीतीने उघडे केले. आत्महत्याग्रस्त कुटुंबाला एक लाख रुपयांचे साहाय्य द्यायचे, पण मृताच्या किंवा कुटुंबाच्या नावे शेती असावी, कर्ज मान्यताप्राप्त संस्थेचे किंवा परवानाधारक सावकाराचे असावे आणि ते नापिकीमुळे थकलेले असावे, अशा कसोट्या ठरल्या, आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील समिती प्रकरण ‘पात्र’ की ‘अपात्र’ हे ठरवू लागली. ज्या देण्याविषयी नवऱ्याने जिवंतपणी चकार शब्द काढला नव्हता, त्याचे कागद आता विधवेने मांडायचे होते. किती, कोणाचे, कधीपासून, या प्रश्नांची उत्तरे पंचनामा करायला आलेल्या माणसांसमोर, गाव गोळा झालेले असताना, तिला प्रथमच कळत होती. तोंडी घेतलेल्या उधारीला कागद नसतो, आणि कागद नसला की प्रकरण अपात्र ठरते. पंतप्रधान मनमोहन सिंग यांनी २००६ च्या जून अखेरीस विदर्भाचा दौरा करून सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांची योजना जाहीर केली. त्या योजनेत सिंचन होते, व्याजमाफी होती, जोडधंद्याला दुधाळ जनावरे होती. घरातल्या दोन माणसांना एका हिशेबासमोर बसवण्याची तरतूद तिच्यात नव्हती. २०१७ च्या राज्याच्या कर्जमाफीत मात्र पती, पत्नी आणि अठरा वर्षांखालील मुले मिळून एक कुटुंब हा घटक धरला गेला आणि दीड लाखाची मर्यादा कुटुंबाला लागू झाली, त्यामुळे कर्जाच्या कागदावर बायकोची दखल निदान मर्यादा मोजण्यापुरती तरी घेतली गेली.

मनाच्या आरोग्याचा विचार याहून उशिरा आला. राज्याच्या आरोग्य विभागाने २०१५ च्या सुमारास आत्महत्याग्रस्त जिल्ह्यांत ‘प्रेरणा प्रकल्प’ सुरू केला, त्यात आशा कार्यकर्तीने घरोघर जाऊन ताणाखाली असलेली माणसे ओळखावी आणि त्यांना समुपदेशनापर्यंत न्यावे, अशी योजना होती. शेजारच्या अमरावती जिल्ह्यातील ३० गावांत झालेल्या ‘विश्राम’ या उपक्रमाचे निष्कर्ष २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यानुसार नैराश्य असलेल्या माणसांपैकी उपचारापर्यंत पोहोचणाऱ्यांचे प्रमाण ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेले. गावातल्याच माणसाने शांतपणे विचारले तर माणसे बोलतात, हे या आकड्यांनी दाखवले, आणि वऱ्हाडी माणूस मुळातच मुका असतो ही सोयीची समजूत खोटी पाडली.

सर्वांत मोठा पालट मात्र ज्यांना सर्वांत उशिरा सांगितले गेले त्यांनीच घडवला. मारेगाव तालुक्यातील जळका येथील कलावती बांदूरकर यांचा उल्लेख २००८ मध्ये संसदेत झाला आणि शेतकरी विधवा हा देशाच्या चर्चेचा विषय झाला, पण तेव्हा त्यांच्याविषयी बोलणारे दुसरे होते. श्याम पेठकर यांनी लिहिलेल्या आणि हरीश इथापे यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘तेरवं’ या नाटकात अशा घरांतील बायका आणि मुली स्वतः रंगमंचावर उभ्या राहिल्या. तेराव्या दिवसाच्या विधीचे नाव घेतलेल्या या नाटकात त्यांनी आपल्या आयुष्यातले जे मांडले, ते नवऱ्याच्या हयातीत घरात कधी उच्चारले गेले नव्हते. या नाटकात काम करणाऱ्या, कळंब तालुक्यातील राजूर येथील वैशाली येडे यांच्या हस्ते ११ जानेवारी २०१९ रोजी यवतमाळ येथे ९२ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे उद्घाटन झाले. संमेलनाध्यक्ष अरुणा ढेरे होत्या. उद्घाटनासाठी लेखिका नयनतारा सहगल यांना दिलेले निमंत्रण मागे घेतल्याच्या वादात ही निवड झाली हे खरे, आणि तो वाद मराठी साहित्यव्यवहाराला शोभणारा नव्हता हेही खरे. तरीसुद्धा मराठीच्या सर्वांत मोठ्या व्यासपीठावरून कास्तकाराच्या घरातील बाई स्वतःच्या आवाजात बोलली, ही घटना जिल्ह्याच्या इतिहासात कापसाच्या भावाइतकीच महत्त्वाची मानली पाहिजे. दारूबंदीसाठी जिल्ह्यात उभ्या राहिलेल्या स्वामिनी आंदोलनातही हेच घडले होते: जे नवऱ्याला घरात सांगता आले नाही, ते बायकांनी रस्त्यावर सांगितले.

हा इतिहास अजून चालू आहे. महिला किसान अधिकार मंचाने २०१८ मध्ये विदर्भ आणि मराठवाड्यातील ११ जिल्ह्यांत, २०१२ ते २०१८ या काळात आत्महत्या झालेल्या कुटुंबांतील ५०५ शेतकरी महिलांची पाहणी केली, तेव्हा त्यांपैकी ४० टक्के महिलांना त्या कसत असलेल्या जमिनीवर हक्क मिळालेला नव्हता, आणि राहत्या घरावरील हक्क केवळ ३५ टक्के महिलांनाच मिळाला होता. त्यानंतर जून २०१९ मध्ये राज्याच्या महसूल विभागाने या महिलांच्या वारसनोंदी आणि मदतीसाठी स्वतंत्र शासन निर्णय काढला. वारसनोंद पतीच्या मृत्यूनंतर होते. लक्ष्मी मुक्तीची नोंद दोघांच्या हयातीत होते; तिच्यासाठी पतीने तलाठ्याकडे स्वेच्छेने दिलेला अर्ज लागतो, आणि यवतमाळ जिल्ह्यातील ज्या खातेदाराने तो अजून दिलेला नाही त्याने तो या हंगामाची पेरणी होण्यापूर्वी द्यावा.